आठशे रुपयांचा विकल्प

माझ्या मागच्या टेबलावरचा सहकारी मला अजूनही 'दादा' म्हणतो. २०१० मध्ये आम्ही एकाच निवडयादीतून लिपिक म्हणून लागलो. यादीत मी त्याच्या वर, म्हणून ज्येष्ठतासूचीतही वर. मार्च २०१९ मध्ये एकाच आदेशाने दोघांनाही वरिष्ठ लिपिकाची बढती मिळाली. पेढे मी आणले. त्याने पेढा तोंडात टाकला आणि आस्थापना शाखेत जाऊन एक कागद दिला. मी तो दिला नाही.

दोघांचंही मूळ वेतन तेव्हा लिपिकाच्या एस-६ या वेतनस्तरात २६,००० होतं. माझी वेतननिश्चिती बढतीच्या तारखेलाच झाली. जुन्या स्तरातली एक वेतनवाढ धरून २६,८००, आणि वरिष्ठ लिपिकाच्या एस-८ मधला त्यापुढचा टप्पा २७,१००. त्याने मात्र विकल्प दिला होता, की निश्चिती पुढच्या वेतनवाढीच्या तारखेपासून, म्हणजे १ जुलैपासून करावी. त्यामुळे मार्चमध्ये तो नुसता २६,३०० वर गेला. माझ्यापेक्षा आठशेने कमी. डबा खाताना मी त्याला चिडवलंही, "शहाणपण नडलं का रे?" तो हसला. १ जुलैला त्याला नेहमीची वेतनवाढ आणि बढतीची वेतनवाढ अशा दोन्ही एकदम मिळाल्या. हिशोब २७,६०० ला पोचला आणि एस-८ मध्ये तो २७,९०० वर जाऊन बसला. आता मी आठशेने मागे. वर माझी जुलैची वेतनवाढही गेली होती, कारण २ जानेवारी ते १ जुलै या काळात ज्याची बढती होते त्याला पुढची वेतनवाढ थेट १ जानेवारीला. २७,९०० चा टप्पा मला जानेवारी २०२० मध्ये दिसला. तिथे तो सहा महिने आधीच पोचलेला होता.

आठशेंचं काय एवढं, असं घरी विचारलं गेलं. पण महागाई भत्ता मूळ वेतनावर, घरभाडे भत्ता मूळ वेतनावर, आणि आम्ही नोव्हेंबर २००५ नंतरचे असल्याने निवृत्तिवेतनाच्या खात्यात जाणारं अंशदानही त्यावरच. शिवाय खरं सांगायचं तर पैशापेक्षा 'तो माझ्या खालचा' हेच जास्त बोचत होतं.

त्या बोचणीतूनच मी दोन पानी निवेदन लिहिलं. त्यात 'अन्याय' हा शब्द सहा वेळा आणि आकडा एकही नाही. दोघांच्या वेतनाचा तुलनात्मक तक्ता नाही, बढतीच्या आदेशाची प्रत नाही. पोचही घेतली नाही. साहेबांच्या हातात दिलं आणि "बघतो" एवढ्यावर परतलो. पाच महिन्यांनी तीन ओळींचं उत्तर आलं: कनिष्ठाने मुदतीत विकल्प दिला, आपण दिला नाही, सबब विनंती मान्य करता येत नाही.

मग एका निवृत्त अधीक्षकांकडे गेलो. सगळे त्यांना नाना म्हणतात. त्यांनी सेवापुस्तकाच्या नकला चाळल्या आणि म्हणाले, "अरे, पगार ज्येष्ठतासूचीवर निघत नाही, वेतननिश्चितीवर निघतो."

वरिष्ठाचं वेतन कनिष्ठाइतकं उंचावून मिळतं, पण त्याला अटी आहेत. दोघं एकाच संवर्गातले हवेत. खालचं पद आणि वरचं पद, दोन्हींचे वेतनस्तर दोघांसाठी सारखेच हवेत. खालच्या पदावर असताना कनिष्ठ कधी वरिष्ठापेक्षा जास्त घेत नसावा. आणि तफावत थेट निश्चितीच्या नियमातूनच निघालेली हवी. केंद्राच्या कार्मिक विभागाचं ४ नोव्हेंबर १९९३ चं ज्ञापन तर उलट बाजूने सांगतं: वरिष्ठ असाधारण रजेवर गेल्याने त्याची वेतनवाढ पुढे गेली, त्याने बढती नाकारली किंवा तो उशिरा रुजू झाला, तर ती विसंगती धरायची नाही. कनिष्ठाला आधी तात्पुरती स्थानिक बढती मिळून त्याचं वेतन वाढलं असेल, तरी वरिष्ठाला मागता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये आर. स्वामीनाथन प्रकरणात सांगितलं. आपले लोक मात्र २००९ चा गुरचरणसिंग ग्रेवाल निकाल तेवढा खिशात घेऊन फिरतात, कारण त्यात वरिष्ठ जिंकला आहे. दोन्ही वाचा, आणि आपलं प्रकरण कोणत्या बाजूला पडतं ते वकिलाआधी स्वतः ठरवा.

उशीर झाला म्हणून सगळंच बुडत नाही. चुकीच्या निश्चितीचा फटका दर महिन्याच्या पगाराला नव्याने बसतो, हे एम. आर. गुप्ता प्रकरणात १९९५ मध्येच मान्य झालं. पण थकबाकी सहसा दाव्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच, असं २००८ च्या तरसेमसिंग निकालाने बजावलं. राज्य शासनाचा कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातो. निवेदनाला सहा महिन्यांत उत्तर नाही आलं, तर तिथून पुढे एक वर्षाची मुदत. आता त्या निवेदनाची पोचच नसेल, तर सहा महिने मोजायचे कुठून? जिल्हा परिषदेच्या मंडळींना मॅटचं दार नाही, त्यांना उच्च न्यायालयात जावं लागतं.

मी मॅटमध्ये गेलो नाही. नानांच्या मते माझी बाजू लंगडी होती, आणि मलाही ते पटलं. चूक नियमाची नव्हती, न दिलेल्या कागदाची होती.

मागे नोव्हेंबरमध्ये आमच्या शाखेतल्या एका मुलीला बढती मिळाली. पेढ्यांचा बॉक्स पुढे करायच्या आत मी तिला विचारलं, "विकल्प दिलास?" ती घाबरलीच. कोऱ्या कागदावर दोन्ही हिशोब मांडले, आणि माझीच गंमत झाली. नोव्हेंबरातल्या बढतीला पुढची वेतनवाढ जुलैतच मिळते. जुलैपर्यंत थांबून ती त्याच टप्प्यावर पोचणार होती, मधले आठ महिने कमी पगार घेऊन. म्हणजे माझ्या मार्चला जे औषध होतं, ते तिच्या नोव्हेंबरला विष.

"मग काहीच द्यायचं नाही का, दादा?"

"द्यायचं. बढतीच्या दिनांकापासूनच निश्चिती हवी, असं लिहून द्यायचं. महिन्याच्या आत. आणि दुसऱ्या प्रतीवर आवकचा शिक्का मारून घ्यायचा."

पेढा मी ती शिक्का घेऊन आल्यावर खाल्ला.