पडद्यावरचा आवाज कुणाला ऐकू येतो?

प्रश्न : 'सैराट'च्या शेवटी एकही वाद्य वाजत नव्हतं, तरी छातीत धडधडत होतं. उलट काही सिनेमांत व्हायोलिनं थांबता थांबत नाहीत आणि मनात काहीच हलत नाही. असं का होतं? आणि आमच्याकडे जत्रेत, मोहरमला वाजते ती हलगी सिनेमाच्या संगीतात आली, तर ती निव्वळ ठेका धरण्यापुरती असते की तिला गोष्टीतही काही काम असतं?
— एक वाचक, भालकी (जि. बीदर)

उत्तर : तुमच्या दोन्ही प्रश्नांचं मूळ एकच आहे. सिनेमातला कुठलाही आवाज कानावर पडला की आधी विचारावं, हा आवाज कुणाला ऐकू येतोय? काही आवाज पडद्यावरच्या माणसांनाही ऐकू येतात. देवळातली घंटा, लग्नातला बँड, रस्त्यावरची मोटार हे त्यातले. काही आवाज मात्र फक्त आपल्यासाठी असतात. नायिका एकटी रडत असते तेव्हा तिच्या खोलीत व्हायोलिनवाला बसलेला नसतो. ते संगीत दिग्दर्शकाने आपल्या कानात सोडलेलं असतं. रूढ पार्श्वसंगीत बहुतेक वेळा या दुसऱ्या प्रकारचं असतं आणि शेजारी बसून 'आता घाबर', 'आता रड' असं सांगणाऱ्या माणसासारखं वागतं. प्रत्येक प्रसंगाला सूचना मिळत गेली की आपण स्वतःहून काही वाटून घेणंच सोडून देतो. व्हायोलिनं वाजूनही मन हलत नाही, ते यामुळे.

वेगळ्या वाटेने जाणारे संगीतकार आणि दिग्दर्शक या दोन प्रकारांमधली सीमा हलवतात. आपल्यासाठीचं संगीत ते ऐन वेळी काढून घेतात, नाहीतर गोष्टीतल्याच एखाद्या आवाजावर संगीताची जबाबदारी टाकतात.

'सैराट' (२०१६) हे यातल्या पहिल्या वाटेचं, म्हणजे संगीत काढून घेण्याचं, ठळक उदाहरण. अजय-अतुल यांनी या सिनेमासाठी लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर पाश्चात्त्य वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला. करमाळ्याकडच्या एका मासेमाऱ्याच्या पोराच्या, परशाच्या, प्रेमाला एवढ्या मोठ्या वाद्यवृंदाची साथ देणं हीच मुळात धाडसाची गोष्ट होती. पूर्वार्धात परशाला जग जसं भव्य दिसतं, तसं ते आपल्याला ऐकू येतं. चारही गाणी याच भागात आहेत. मग परशा आणि त्याची आर्ची हैदराबादला पळून जातात आणि गाणी संपतात. खोली, भाडं, नोकरी, भांडण, अनोळखी भाषा हे सगळं गाण्याविना समोर येतं. शेवटी माहेरची माणसं भेटवस्तू घेऊन येतात, आर्ची चहा ठेवते. शेजारणीसोबत बाहेर गेलेलं बाळ परत येतं. आत आईबाप पडलेले असतात आणि तिथे सगळा आवाजच बंद होतो. बाळाचं रडणं दिसतं, ऐकू येत नाही. रक्ताने माखलेली इवलीशी पावलं फरशीवर उमटत जातात.

ही शांतता नुसती ठेवली असती तर एवढी लागली नसती. दीड-दोन तास त्या वाद्यवृंदाने आपल्याला या दोघांच्या बाजूने उभं केलेलं असतं. त्याची सवय झालेल्या कानाला शेवटी आधार उरत नाही. तुमची छाती धडधडली ती यामुळे. पुढे या सिनेमाचा कानडीत 'मनसु मल्लिगे' (२०१७) झाला आणि अजय-अतुलच्या चाली कानडी शब्दांत आल्या. तुमच्या भागातल्या ज्यांनी दोन्ही सिनेमे पाहिले, त्यांना शब्द बदलूनही चालीतला भाव कसा टिकतो हे वेगळं सांगायला नको.

दुसरी वाट 'सैराट'चे दिग्दर्शक नागराज मंजुळे यांच्याच 'फँड्री'त सापडते. त्याचं पार्श्वसंगीत आलोकनंदा दासगुप्ता यांचं आहे, पण मला त्यातला सर्वांत बोलका वाटतो तो संगीतकाराने न रचलेला आवाज. गोष्टीतल्या दलित पोराचं, जब्याचं, घरदार गावाच्या हुकमाने डुकरामागे धावतंय. डुक्कर हाताशी येतं आणि शेजारच्या शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. जब्या जागच्या जागी थांबतो, मग घरचेही थांबतात, आणि डुक्कर निघून जातं. हे राष्ट्रगीत पात्रांनाही ऐकू येतंय आणि आपल्यालाही. ज्या देशाच्या सन्मानासाठी हे कुटुंब ताठ उभं राहतं, त्याच देशातलं गाव त्यांना कसं वागवतं, हे एका वाक्याचाही संवाद न लिहिता कळतं. इथे करुण बासरी घातली असती तर आपण हळहळून मोकळे झालो असतो. राष्ट्रगीतामुळे तसं मोकळं होता येत नाही, कारण ते आपलंही आहे.

चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'ने (२०१४) तर पार्श्वसंगीताला रजाच दिली. संभाजी भगत यांची गाणी त्यातला शाहीर नारायण कांबळे मंचावर गातो तेव्हाच ऐकू येतात. त्याच्यावर आरोप आहे की त्याच्या गाण्यामुळे एका सफाई कामगाराने आत्महत्या केली. गाणंच आरोपी असलेल्या गोष्टीत दिग्दर्शकाने स्वतःचं संगीत वाजवलं असतं तर निकाल आधीच लागला असता. ते न वाजवल्यामुळे निकालाचं काम प्रेक्षकाकडे आलं.

याच्या नेमकं उलटही करता येतं, म्हणजे माणसाचा आवाज काढून तिथे वाद्य ठेवायचं. सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'त (१९५५) हरिहर बऱ्याच दिवसांनी घरी येतो, मुलगी दुर्गा वारल्याचं माहीत नसल्याने तिच्यासाठी आणलेली साडी दाखवतो आणि त्याची बायको सर्वजया कोसळते. तिचा आक्रोश आपल्याला ऐकू येत नाही. त्या जागी तारशहनाई वाजते. संगीत पंडित रविशंकर यांचं. खरा आक्रोश ऐकला असता तर तो त्या एका आईचा राहिला असता. वाद्याने त्याला कुणाही आईचं करून टाकलं.

रविशंकरांकडे सतार शिकलेले भास्कर चंदावरकर पुढे मराठी आणि कानडी अशा दोन्ही पडद्यांवर वावरले. आपल्या 'सामना'चं संगीत त्यांचं, आणि कानडीत 'वंशवृक्ष' व 'ओंदानोंदु कालदल्लि' यांचंही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांनी संगीत शिकवलं. राज्यांच्या हद्दी नकाशावर असतात, संगीत त्या कधीच ओलांडून जातं, हे सीमाभागातल्या वाचकाला त्यांच्या कामात दिसेल.

आता हलगी. वाजवण्याआधी ती जाळावर शेकतात, कातडं ताणलं जातं आणि आवाज चढतो. एका हातातलं जाड टिपरू ठोका देतं, दुसऱ्या हातातली बारीक काडी मधल्या जागा भरत राहते. हीच हलगी वरातीत असते, जत्रेत असते, दवंडीला असते आणि मयतीलाही. वाद्य तेच, हात बदलतो. बीदर-कलबुर्गीच्या खेड्यात वाढलेल्या माणसाला लांबून ऐकूनही कळतं की गावात काय चाललंय. म्हणून तुमच्यासारख्या प्रेक्षकासाठी हलगी ही निव्वळ ठेका कधीच नसते, तिच्यात बातमी असते. ती पिढ्यान्‌पिढ्या कुणाच्या गळ्यात अडकवली गेली, हेही आपल्याला ठाऊक आहे. मिरवणुकीत सर्वांत पुढे चालणारे ते हात देवळाच्या पायरीशी थांबवले जात. हलगी सिनेमात आली की हा सगळा इतिहास सोबत येतो. संगीतकाराला याची जाण असेल, तर लग्नाच्या दृश्यात हाताची चाल किंचित बदलूनही तो पुढच्या संकटाची चाहूल देऊ शकेल.

चर्मवाद्याने अख्खी गोष्ट कशी पेलावी, हे कर्नाटकानेच दाखवून दिलं आहे. शिवराम कारंतांच्या कादंबरीवर ब. व. कारंत यांनी 'चोमन दुडी' (१९७५) केला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चोमा हा दलित वेठबिगार. स्वतःच्या जमिनीत नांगर धरावा एवढीच त्याची इच्छा आहे आणि जातीमुळे तेवढंही मिळत नाही. धन्यासमोर तोंड उघडता येत नाही, म्हणून तो झोपडीत येऊन दुडी बडवतो. राग, अपमान, पोरांचं दुःख सगळं त्या वाद्यात जातं. चोमाही ते ऐकतो, आपणही ऐकतो. संगीत आणि संवाद इथे एकच झाले आहेत. संगीतही ब. व. कारंतांचंच, आणि पुढे 'ऋष्यशृंग' व 'घटश्राद्ध' या सिनेमांच्या संगीतासाठी त्यांना लागोपाठ दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. अलीकडच्या 'कांतारा'तली (२०२२) दैवाची, म्हणजे गावदेवाची, आरोळी आठवून पाहा. बी. अजनीश लोकनाथ यांच्या संगीताइतकीच ती लक्षात राहते, कारण ती गावकऱ्यांनाही ऐकू जाते आणि त्यांच्या चेहऱ्यावरची भीती आपल्यापर्यंत पोचते.

पुढच्या वेळी सिनेमा पाहताना एक प्रयोग करा. आवडता प्रसंग एकदा आवाज बंद करून पाहा, मग डोळे मिटून नुसता ऐका. संगीत काढल्यावर प्रसंग कोरडा पडला तर संगीत त्याला टेकू देत होतं. संगीताशिवायही तो उभा राहिला आणि संगीतासह त्यात नवा अर्थ आला, तर संगीतकार गोष्ट सांगत होता असं खुशाल समजा.

आणि 'फँड्री' व 'चोमन दुडी' एकापाठोपाठ जरूर पाहा. यासाठी तुमच्याकडे मोठी शिदोरी आहे. माणिकनगरचं भजन, यल्लम्माचं चौंडकं, मोहरमची हलगी आणि दोन्ही भाषा तुमच्या कानाला लहानपणापासून ठाऊक आहेत. मुंबई-बंगळुरूच्या प्रेक्षकाला यातलं बरंच समजावून द्यावं लागतं. सीमाभागातल्या तरुणांनी हे कान घेऊन सिनेमाच्या ध्वनीकडे आणि संगीताकडे वळावं, असं मला मनापासून वाटतं. दोन्ही भाषांतल्या सिनेमांना त्यांची गरज आहे.