फाईलवरची नावं

अगं, रिपोर्टमधला एकेक शब्द मोबाईलवर शोधत रात्र रात्र जागू नकोस. आधी माझं ऐक. एका कागदावर ‘डिमायलिनेटिंग डिसीज’, दुसऱ्यावर ‘सीआयएस’ आणि डिस्चार्ज कार्डावर ‘आरआरएमएस’ असं दिसलं की तीन आजार जडल्यासारखं वाटतं. तसं नाहीये. मेंदू आणि मज्जारज्जूतल्या तंतूंवर मायलिनचं आवरण असतं. आपलीच प्रतिकारशक्ती ते ओरबाडते, त्याला डिमायलिनेशन म्हणायचं. त्रास पहिल्यांदाच झालाय आणि एमएस म्हणण्याइतका पुरावा हाती नाही, तेव्हा डॉक्टर सीआयएस लिहितात, म्हणजे क्लिनिकली आयसोलेटेड सिंड्रोम. पुढे निरनिराळ्या जागी डाग पडल्याचा पुरेसा पुरावा मिळाला की मल्टिपल स्क्लेरोसिस, म्हणजेच एमएस. त्रास येतो, ओसरतो, पुन्हा येतो, असं असेल तर त्या नावाआधी रिलॅप्सिंग-रेमिटिंग लागतं, तेच आरआरएमएस. कागदावरचं नाव बदललं म्हणजे आजार बळावला असं धरून चालू नकोस. पुष्कळदा डॉक्टरांना आता जास्त कळलेलं असतं, एवढंच.

डाग म्हणजे प्लाक. पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात शार्को यांनी १८६८ साली या आजाराचं सविस्तर वर्णन केलं, त्याचं फ्रेंच नाव ‘स्क्लेरोज आँ प्लाक’. ब्रिटिश डॉक्टर पुढे बराच काळ ‘डिसेमिनेटेड स्क्लेरोसिस’ लिहीत. जुन्या पुस्तकात हे नाव भेटलं तर दचकू नकोस, आजार तोच. एमएसच्या प्रकारांत ‘प्रोग्रेसिव्ह-रिलॅप्सिंग’ सांगणारी माहितीही जुनी आहे. तो प्रकार तज्ज्ञांनी २०१३ च्या मांडणीतून वगळला.

आता जे सांगते ते मात्र नीट लक्षात ठेव. ‘एनएमओ’ (न्यूरोमायलायटिस ऑप्टिका) किंवा ‘एनएमओएसडी’ हे एमएसचं दुसरं नाव नव्हे. पूर्वी त्याला डेव्हिक्स डिसीज म्हणायचे आणि कित्येक वर्षं तो एमएसचाच प्रकार समजला जाई, कारण तोही डोळ्याच्या नसेवर आणि मज्जारज्जूवर घाला घालतो. २००४ मध्ये त्याची खूण सांगणारं प्रतिपिंड रक्तात सापडलं आणि वाटा वेगळ्या झाल्या. हा भेद नुसता कागदावरचा नाही. इंटरफेरॉन, फिंगोलिमोड, नॅटालिझुमॅब ही एमएसची औषधं एनएमओच्या रुग्णाला अपायकारक ठरू शकतात. म्हणून पुढच्या भेटीत न्यूरोलॉजिस्टना सरळ विचार, “डॉक्टर, अ‍ॅक्वापोरिन-४ आणि मॉगच्या प्रतिपिंडांच्या तपासण्या माझ्या बाबतीत लागतात का? झाल्या असतील तर काय आलं?” विचारायला लाजू नकोस. आणि उत्तर मिळेपर्यंत स्वतःच्या मनाने कुठलंही औषध बंद करू नकोस, हे मी बजावून सांगते.

घरचं निराळंच असतं. ‘स्क्लेरोसिस’ ऐकून कोणी म्हणेल, “मलाही आहे मानेचा, पट्टा लाव.” तो स्पॉन्डिलोसिस. एएलएसच्या नावातही स्क्लेरोसिस आहे, पण तो वेगळा आणि फार कठीण आजार. त्याचे व्हिडिओ पाहून रडत बसू नकोस. आणि फोनवर “तिला अटॅक आला” असं कुणाला सांगू देऊ नकोस, सासरी-माहेरी सगळ्यांना हृदयविकारच वाटेल. ‘रिलॅप्स’ म्हणा, नाहीतर ‘एमएसचा त्रास पुन्हा उसळला’ म्हणा. आईला सांगताना ‘मेंदू आणि मज्जारज्जूचा आजार, औषधं सुरू आहेत’ एवढं पुरे. मल्टिपल स्क्लेरोसिस सोसायटी ऑफ इंडियाचं काम मुंबईत १९८५ पासून चालू आहे. तिथे हे शब्द रोज वापरणारी माणसं भेटतील. एकदा बोल त्यांच्याशी.

कागदांबाबत मात्र काटेकोर राहा. विम्याच्या दाव्यात आणि सरकारी अर्जात संक्षेप चालवून घेऊ नकोस, पूर्ण नाव लिहून माग. आयसीडी-१० मध्ये एमएसचा कोड जी३५, एनएमओचा जी३६.०, फाईलवर कुठला पडलाय ते बघ. क्रिटिकल इलनेस पॉलिसी असेल तर तिच्यातली व्याख्या वाच, तिथे नुसतं निदान पुरत नाही, त्रास सलग सहा महिने टिकल्याचा पुरावा मागतात. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याच्या यादीत मल्टिपल स्क्लेरोसिस स्वतंत्र नावाने आहे. दिव्यांगांच्या ओळखपत्रासाठी, म्हणजे यूडीआयडी कार्डासाठी, अर्ज करायची वेळ आलीच, तर न्यूरोलॉजिस्टच्या पत्रात हेच दोन शब्द असू देत, ‘डिमायलिनेटिंग डिसीज’ नको.