विषारी तणे आणि आपले पशुधन

मुंबईहून पनवेलकडे जाणारा महामार्ग मानखुर्द मागे टाकून ठाणे खाडीच्या पुलावर चढतो. खाडीवरील पहिला पूल १९७३ साली वाहतुकीस खुला झाला आणि मुंबई-पुणे वाहतुकीचा मोठा ओघ या उपनगरातून सुरू झाला. जवळच देवनार येथे १९७१ पासून महानगरपालिकेचे पशुवधगृह व जनावरांचा बाजार आहे. राज्याच्या अनेक जिल्ह्यांतून आणि परराज्यांतूनही शेळ्या-मेंढ्या येथे आणल्या जातात. पाऊस पडला की रेल्वेमार्गाच्या कडा, भराव घातलेले मोकळे भूखंड आणि नाल्यांचे काठ हिरवे होतात. वस्तीत दोन-चार शेळ्या पाळून संसाराला हातभार लावणाऱ्या कुटुंबाला ही हिरवळ म्हणजे फुकटचा चारा वाटतो. परंतु या हिरवळीत गवत थोडे आणि तण फार, अशी स्थिती असते. त्यांतील काही तणे जनावरांना विषारी आहेत.

हीच तणे आज खेडोपाडी गायरानांत, माळांवर आणि बांधांवर पसरलेली आहेत. म्हणूनच हा प्रश्न मानखुर्दच्या शेळीपालकाचा आहे, तितकाच दूरच्या ग्रामपंचायतीचाही आहे.

तीन परदेशी पाहुणे

गाजर गवत हे मूळचे अमेरिका खंडातील. भारतात त्याची नोंद प्रथम पुणे येथे १९५५ च्या सुमारास झाली. आयात केलेल्या गव्हाबरोबर त्याचे बी आले, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. ‘काँग्रेस गवत’, ‘पांढरी फुली’ अशा नावांनीही ते ओळखले जाते. नावात गवत असले तरी ते गवत नव्हे. पाने गाजराच्या पाल्यासारखी आणि फुले बारीक व पांढरी असतात. एका झाडापासून हजारो बिया तयार होतात. वारा, पाणी, वाहनांची चाके आणि वाहून नेलेली माती यांच्या साहाय्याने त्या दूरवर पोहोचतात. महामार्ग आणि लोहमार्ग यांच्या कडेने हे तण पसरत गेले, यात नवल नाही.

घाणेरी अथवा टणटणी हे झुडूप त्याहून जुने. दक्षिण व मध्य अमेरिकेतील ही वनस्पती एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी शोभेसाठी भारतात आणली गेली. रंगीबेरंगी फुलांचे हे झुडूप बागेच्या कुंपणावरून केव्हाच बाहेर पडले. त्याची पिकलेली काळी फळे पक्षी खातात आणि बी रानोमाळ टाकतात.

तिसरी वनस्पती म्हणजे बेशरम. फिकट जांभळ्या, कर्ण्यासारख्या फुलांचे हे झुडूप ओढे, नाले व तळी यांच्या काठी वाढते. तोडलेली फांदी ओल्या जमिनीत पडली तरी ती रुजते आणि या चिवटपणावरूनच लोकांनी त्याला हे नाव दिले आहे.

विष कसे कार्य करते?

गाजर गवतात पार्थेनिन नावाचे विषारी द्रव्य असते. त्याच्या संपर्काने जनावरांच्या त्वचेला खाज सुटते, केस गळतात आणि चट्टे पडतात. ते पोटात गेल्यास तोंडात व आतड्यात व्रण होतात, हगवण लागते आणि दूध कडवट होते. १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या एका भारतीय प्रयोगात चाऱ्यातील गाजर गवताचे प्रमाण वाढविल्यास गायी-म्हशींच्या जातीची जनावरे दगावू शकतात, असे आढळून आले.

घाणेरीचे विष यकृतावर आघात करते. हिरव्या चाऱ्यातील हरितद्रव्याचे पचन होताना जो घटक निर्माण होतो, तो निरोगी जनावराचे यकृत पित्तावाटे बाहेर टाकते. यकृत बिघडले की हा घटक रक्तात साठतो आणि त्वचेवर ऊन पडताच दाह सुरू होतो. त्यामुळे विषबाधा झालेले जनावर उन्हातून सावलीकडे धावते. कान, नाकपुडी, सड आणि अंगावरील पांढरे भाग लाल होऊन सुजतात व पुढे कातडी सुटते. डोळे पिवळे पडतात, जनावर खाणे सोडते आणि त्याला बद्धकोष्ठ होते. रवंथ थांबल्यामुळे पोटातील विषारी पाला तेथेच पडून राहतो आणि विष अंगात भिनतच जाते. वाळलेल्या पानांतही हे विष टिकून राहते, हे विशेष लक्षात ठेवावे.

बेशरमीचा परिणाम मज्जासंस्थेवर होतो आणि तो हळूहळू दिसतो. चारा नसताना शेळी ती प्रथम नाइलाजाने खाते, पुढे मात्र तिला तिची चटक लागते. शेळी रोडावते, तिची चाल लडखडते, मान थरथरते. वेळीच हा पाला बंद केला तर सुधारणा होऊ शकते, उशीर झाल्यास मात्र दोष कायम राहतो.

खरे कारण भूक

आपल्या परिसरात वाढलेले जनावर सहसा विषारी वनस्पतीला तोंड लावत नाही. वास आणि चव यांवरून ते निवड करते. मग विषबाधा का होते? याचे उत्तर तीन परिस्थितींत आढळते.

पहिली परिस्थिती टंचाईची. उन्हाळ्याच्या अखेरीस गायरान उघडे पडते, तेव्हा केवळ घाणेरी व बेशरम हिरवी दिसते. दुसरी परिस्थिती प्रवासाची. लांबून वाहनात कोंडून आणलेली जनावरे बाजाराजवळ उतरतात, तेव्हा ती अतिशय भुकेली असतात आणि तेथील वनस्पती त्यांना अपरिचित असतात. समोर येईल तो पाला ती खातात. तिसरी परिस्थिती कापलेल्या चाऱ्याची. पाला चांगल्या गवताबरोबर कापून, कुट्टी करून गव्हाणीत टाकला की जनावराची निवड करण्याची शक्तीच नाहीशी होते.

मुंबईच्या तबेल्यांना लागणारे सुके गवत ठाणे, पालघर, रायगड या जिल्ह्यांतून वर्षानुवर्षे येत आले आहे. माळावर कापणीच्या वेळी गवतात शिरलेले तण गठ्ठ्यात बांधले गेले, तर ते वखारीतून थेट शहरातील म्हशीच्या गव्हाणीपर्यंत पोहोचते. गावाने केलेले दुर्लक्ष असे शहरात दाखल होते.

यात एक दुष्टचक्रही आहे. जनावरे चांगले गवत खातात आणि तण सोडून देतात. अतिचराईने गवत संपते, मोकळ्या जागेत तण माजते आणि पुढील वर्षी गवत आणखी कमी उगवते. म्हणून तण काढणे हे निम्मेच काम होय. त्या जागी गवत उभे केल्याखेरीज ते पूर्ण होत नाही.

उपाययोजना

गाजर गवत फुलावर येण्यापूर्वी, पावसाने जमीन ओली असताना मुळासकट उपटावे. फुलल्यानंतर उपटल्यास बी तेथेच सांडते. फुलापूर्वीचे तण कंपोस्ट खड्ड्यात अथवा नाडेप टाक्यात वापरता येते. रस्त्याकडेच्या व पडीक जागी टाकळ्याचे बी पावसाआधी विखुरल्यास तो दाट वाढून गाजर गवताला दाबतो. मेक्सिकोतून १९८३ साली बंगळूर येथे आणलेले भुंगेरे गाजर गवताची पाने खातात. पावसाळ्यात ते सोडल्यास उपयोग होतो. त्यासंबंधी जवळच्या कृषी विज्ञान केंद्राकडे विचारणा करावी.

घाणेरी नुसती छाटल्यास पुन्हा फुटते. म्हणून ती बुंध्याखाली मुळाशी खणून काढावी. बेशरमीच्या तोडलेल्या फांद्या नाल्यात किंवा ओल्या जागी टाकू नयेत, त्या पूर्ण वाळवून नष्ट कराव्यात. मोकळ्या झालेल्या गायरानात मारवेलसारखे गवत व स्टायलो लावून निदान एक पावसाळा चराईबंदी पाळावी.

गावाच्या मोफत चराईसाठी जमीन राखून ठेवण्याची तरतूद १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत आहे. तथापि राखलेली जमीन तणाने भरली, तर ती केवळ कागदावरच चराऊ राहते. ग्रामपंचायतीने जूनमध्ये गायरानाची पाहणी करून जुलै-ऑगस्टमध्ये तणनिर्मूलन हाती घ्यावे. शहरी भागात मोकळे भूखंड, लोहमार्ग आणि रस्ते यांची जबाबदारी निरनिराळ्या यंत्रणांकडे असते. त्यांनी एकाच वेळी काम केले तरच उपयोग होईल, एरवी एकाने साफ केलेल्या जागेत शेजारच्या जागेतील बी पडते.

शिक्षकांनी ही तणे विद्यार्थ्यांना अवश्य दाखवावीत. मात्र श्रमदानाच्या निमित्ताने मुलांना उघड्या हातांनी गाजर गवत उपटू देऊ नये. त्याच्या स्पर्शाने माणसांनाही त्वचारोग होतो आणि परागांमुळे दम्याचा त्रास संभवतो. हातमोजे व नाकातोंडावर फडके बांधून हे काम प्रौढांनीच करावे.

विषबाधेचा संशय आल्यास जनावराला तत्काळ सावलीत न्यावे, संशयास्पद चारा बंद करावा, स्वच्छ पाणी द्यावे आणि पशुवैद्यकीय दवाखान्याशी किंवा टोल-फ्री क्रमांक १९६२ वर संपर्क साधावा. जनावराने खाल्लेल्या वनस्पतीची फांदी जपून ठेवल्यास निदान सोपे होते. घाणेरीच्या विषबाधेत पोटातील विष शोषून घेण्यासाठी पशुवैद्यक सक्रिय कोळसा देतात. त्यात विलंब झाला तर यकृताची हानी भरून काढणे कठीण जाते.

एक दुभती म्हैस किंवा दोन शेळ्या हीच अनेक घरांची ठेव असते. दवाखाना, शाळेची फी, बियाणे यांसाठी अडल्या वेळी तीच उपयोगी पडते. ही ठेव ज्या रानात चरते, त्या रानात काय उगवते याकडे लक्ष ठेवणे फार खर्चाचे काम नाही. त्यासाठी वनस्पतीची ओळख, पावसाळ्यातील दोन महिन्यांची नियमित मेहनत आणि गावाची एकवाक्यता हवी. भुकेल्या जनावराकडून निवडीची अपेक्षा करता येत नाही. त्याच्यापुढे सुरक्षित चारा राहील, हे पाहणे माणसाचेच काम आहे.