घरगुती दृक्‌श्राव्य भांडार : कंटेनर वापरताना

घरच्या विवाहाची चित्रफीत, आजोबांच्या आवाजाचे ध्वनिमुद्रण, शाळेच्या स्नेहसंमेलनाची छायाचित्रे ही सामग्री बहुधा निरनिराळ्या भ्रमणध्वनींत विखुरलेली असते. ती एका संगणकावर आणून घरातील सर्व पडद्यांवर दाखविण्याचे काम ‘जेलीफिन’ ही मुक्त आज्ञावली करते. डिसेंबर २०१८ मध्ये ती ‘एम्बी’पासून वेगळी झाली, तिला परवाना शुल्क नाही.

ही आज्ञावली ‘डॉकर’च्या कंटेनरमध्ये चालविणे सोयीचे असते. कंटेनर म्हणजे आज्ञावलीचे, तिच्या सर्व साहित्यासह थाटलेले स्वतंत्र बिऱ्हाड. नवी आवृत्ती आली की जुने बिऱ्हाड मोडून नवे मांडावयाचे. नवख्यांची फसगत होते ती येथेच. बिऱ्हाड मोडताच त्याच्या आत साठविलेले सर्व काही नाहीसे होते आणि आजोबांचा आवाज काही पुन्हा मुद्रित करता येत नाही. यास्तव चित्रफितींचा फोल्डर आणि मांडणीच्या नोंदींचा ‘कॉन्फिग’ फोल्डर, हे दोन्ही संगणकाच्या डिस्कवर कंटेनरबाहेर ठेवून आत केवळ जोडून द्यावेत. त्यांतील चित्रफितींचा फोल्डर ‘फक्त वाचनासाठी’ जोडल्यास पडद्यावरून चुकून काही पुसले जाण्याची भीतीही उरत नाही. ही जोडणी ‘कंपोज’ नावाच्या लहानशा फाइलीत लिहिलेली असते.

घरातील अन्य उपकरणांवर संगणकाच्या पत्त्यापुढे ८०९६ हा क्रमांक दिला की भांडार उघडते. हा मार्ग राउटरमधून थेट इंटरनेटला खुला करू नये. मूळ सामग्रीची एक प्रत मात्र निराळ्या डिस्कवर, शक्यतो दुसऱ्या घरी ठेवावी.