पैसा कुणाचा, शब्द कुणाचा?



बैल घेताना आपण शिक्रापूरकर दात मोजल्याशिवाय पैसे सोडत नाही. तज्ज्ञाचे मत मात्र न तपासता घरात घेतो.

एन्रॉनचे उदाहरण घ्या. १९९३ साली जागतिक बँकेने दाभोळ वीज प्रकल्प परवडणारा नाही म्हणून कर्ज नाकारले. तरीही त्याच साली वीज मंडळाशी करार झाला. १९९५ साली कंपनीच्या लिंडा पॉवर्स यांनी अमेरिकन काँग्रेसच्या समितीपुढे सांगितले, की भारतीयांचे ‘शिक्षण’ आणि प्रकल्पाची पूर्वतयारी यांवर सुमारे २ कोटी डॉलर खर्चले. पुढे वीज महाग पडली, मंडळाला बिल झेपेना आणि २००१ साली प्रकल्प बंद पडला. पुण्याच्या ‘प्रयास’ने कराराचे आकडे सोडवून लोकांपुढे मांडले, तेही ध्यानात ठेवावे.

आता आपल्या धंद्याकडे बघू. अमेरिकेतल्या साखर उद्योगाच्या संस्थेने हार्वर्डच्या शास्त्रज्ञांना पैसे दिले. १९६७ साली त्यांचा लेख छापून आला. त्यात हृदयविकाराचा दोष साखरेवरून चरबीवर ढकलला होता. पैसा कुणाचा, ते छापले नाही. २०१६ साली कागदपत्रे उजेडात आली. आपण साखरवाले म्हणून हे झाकायचे काय? मुळीच नाही.

म्हणून तीन प्रश्न विचारावेत: बोलतो कोण? पैसा कुणाचा? फायदा कुणाला? मग ते बियाणे असो, खत असो वा सरकारी धोरण.

हे पत्रकही कारखान्याच्या पैशाने छापतो. तेव्हा आम्हालाही हेच विचारा, आणि वार्षिक सभेत उभे राहून विचारा.