फुकटातलं इंग्रजी, तेही कायदेशीर

प्रश्न : इंग्रजी शिकवणाऱ्या महागड्या सॉफ्टवेअरची ‘क्रॅक’ प्रत मित्र देतोय. घ्यावी का?

उत्तर : नको. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ६३ब नुसार चोरीची प्रत जाणूनबुजून वापरणाराही गुन्हेगार ठरतो. शिवाय तिच्यासोबत व्हायरस येऊ शकतो तो वेगळाच.

आणि गरज तरी कुठे आहे? ड्युओलिंगो ॲपवर हिंदीतून इंग्रजीचे धडे फुकट मिळतात. जाहिराती मात्र सोसाव्या लागतात. पण नुसते हिरवे टिक जमवून बोलता येत नाही.

खरा ऐवज ‘बीबीसी लर्निंग इंग्लिश’ या संकेतस्थळावर आहे. तिथल्या ‘सिक्स मिनिट इंग्लिश’ या कार्यक्रमाचा भाग आधी नुसता ऐकावा, मग सोबतची संहिता समोर धरून निवेदकाच्या मागोमाग मोठ्याने वाचावी. अडलेले शब्द अँकीड्रॉइड या उजळणीच्या ॲपमधल्या कार्डांवर, अख्ख्या वाक्यासकट टाकावेत. अँड्रॉइडवर हे ॲप मोफत आहे. आयफोनवरच्या तशाच ‘अँकी’ ॲपला मात्र पैसे पडतात.