हॅलोजन, झेनॉन की एलईडी?

प्रश्न : सानगडी-साकोली रस्त्यावर रात्री गाडीचा उजेड अपुरा पडतो. हेडलाइटला कोणता बल्ब बसवावा?

उत्तर : हॅलोजन बल्बमध्ये टंगस्टनची तार तापून पिवळसर उजेड देते. एच-४ प्रकारात दोन तारा असतात, जवळच्या झोताला ५५ वॅटची आणि लांबच्या झोताला ६० वॅटची. एच-७ मध्ये एकच. बसवताना काचेला बोट लागू देऊ नये. बोटाचा तेलकटपणा राहिलेली जागा जास्त तापते आणि बल्ब लवकर जातो.

झेनॉनमध्ये तार नसते. ३५ वॅटमध्येच तो हॅलोजनच्या दुपटीच्या आसपास उजेड देतो, पण त्याला बॅलास्ट (वीज नियंत्रित करणारे उपकरण) लागतो आणि पूर्ण उजळायला काही सेकंद जातात. एलईडी वीज कमी खाते, लगेच पेटते.

तरीही हॅलोजनसाठी घडवलेल्या रिफ्लेक्टरमध्ये नुसता एलईडी किंवा झेनॉन बल्ब घालणे घातकच. प्रकाशाचा उगम तारेच्या नेमक्या जागी नसला की झोत विस्कटतो आणि समोरच्या दुचाकीस्वाराचे डोळे दिपतात. १००/९० वॅटच्या बल्बने होल्डर वितळू शकतो. म्हणून ६०/५५ वॅटचा चांगला एच-४ घ्यावा, वायरिंगला रिले (विजेवर चालणारा स्विच) बसवावा, हेडलाइटची पिवळी पडलेली काच पॉलिश करावी. धानाच्या हंगामात काचेवर चिकटलेले किडे रोज पुसावेत.